सराट्याचा बंदोबस्त

दख्खनच्या माळावर अनवाणी चालणाऱ्याला सराट्याची ओळख करून द्यावी लागत नाहीं. तळपायास ती केव्हांच झालेली असते. इकडे गोखरू म्हणून औषधांत मान पावलेली ही वनस्पती अमेरिकेंत मात्र परकी व उपद्रवी ठरली आहे. मेंढ्यांच्या लोकरींत अडकून ती भूमध्य समुद्राकडून तिकडे गेली असावी, असें मानतात. सायकलींच्या टायरांना भोंकें पाडण्याबद्दल ती तेथें कुप्रसिद्ध आहे.

सराट्याचा वेल जमिनीलगत पसरतो. पानें हरभऱ्याच्या पाल्यासारखीं. फूल पिवळें, पांच पाकळ्यांचें. फळ पिकलें कीं त्याचे पांच तुकडे होतात व प्रत्येकावर दोन लांब आणि दोन आखूड कांटे असतात. तुकडा कसाही पडो, एखादा कांटा वर उभा राहतोच. आंतील बीं कित्येक वर्षें जमिनींत जिवंत राहतें. खरा शत्रु वेल नव्हे, हा सांठा होय.

१९६१ सालीं कॅलिफोर्नियांत सराट्यावर दोन जातींचे सोंडकिडे सोडण्यांत आले. एकाची अळी बीं खाते, दुसऱ्याची खोड पोखरते. परंतु कडक थंडींत ते टिकत नाहींत.

अंगणापुरता खात्रीचा उपाय खुरप्याचाच. फळ धरण्यापूर्वींच वेल मुळासकट काढावा. कांटे धरले असल्यास तो अलगद गुंडाळून पोत्यांत भरावा. गळालेले कांटे जुनें गोणपाट जमिनीवर दाबून उचलावे आणि सर्व वाळवून जाळावें. पिकलेला वेल उपटून कुंपणापलीकडे फेकणें म्हणजे शेजाऱ्याच्या दारीं पेरणी करणें होय. ही दक्षता ओळीनें कांहीं वर्षें पाळली, तरच मुलांना अंगणांत निर्धास्तपणें अनवाणी धांवतां येईल.