वतनाची जमीन आणि सातबाऱ्यावरील वर्ग
(नाशिक येथील सभेत केलेले भाषण)



1874 च्या वतन कायद्याखाली महाराकडून रात्रंदिवस गावची व सरकारची कामे करून घेतली जात, आणि मोबदला म्हणून जमिनीचा एक तुकडा त्याच्या हाती राही. त्या तुकड्याच्या मोहात समाज बांधला गेला आहे, हे परमपूज्य बाबासाहेबांनी ओळखले. 1928 साली त्यांनी मुंबई कायदेमंडळात वतनसुधारणेचे बिल मांडले. 1939 साली हरेगाव येथे आणि 1941 साली आपल्याच जिल्ह्यातील सिन्नर येथे त्यांनी वतनदारांपुढे हाच प्रश्न ठेवला. गुलामी जावी, परंतु जमीन राहावी, ही त्यांची भूमिका होती.

पुढे 1958 चा कनिष्ठ गाव वतने निर्मूलन कायदा आला व 1 ऑगस्ट 1959 पासून अमलात आला. वतने खालसा झाली. कब्जेहक्काची रक्कम भरणाऱ्या वतनदारास जमीन परत मिळाली, परंतु ती नव्या शर्तीवर. कलम 5 प्रमाणे कलेक्टरच्या पूर्वपरवानगीवाचून व ठरलेला नजराणा भरल्यावाचून ती विकता येत नाही, वाटूनही घेता येत नाही. सातबाऱ्यावर हिचीच नोंद ‘भोगवटादार वर्ग 2’ अशी होते.

आता वादाचे मूळ पाहा. वर्ग 2 ची जमीन म्हणून तिला भाव कमी. गरजू मालकास थोडी रक्कम हातावर ठेवून विसारपावती आणि कुलमुखत्यारपत्र लिहून घेतले जाते. मग तोच मुखत्यार मालकाच्या नावाने अर्ज करतो, नजराणा भरतो, वर्ग 1 करून घेतो आणि बिनशेतीकडे वळतो. एका रकान्यातील आकडा बदलला की जमिनीची किंमत वाढते; पण ती वाढ ज्याच्या आजोबाने चावडीवर जन्म घालविला त्याच्या घरी जात नाही. 2025 साली पुण्यातील मुंढवा येथील महारवतनाच्या जमिनीचा व्यवहार राज्यभर गाजला. त्यातील दोषादोष ठरविणे यंत्रणेचे काम आहे. आपण जागे राहणे हे आपले काम आहे. नाशिक शहर ज्या वेगाने आजूबाजूच्या गावांकडे सरकत आहे, तो पाहता हा प्रश्न आपल्या दाराशी आहे.

कायदा काय सांगतो? जमीन महसूल संहितेच्या कलम 157 प्रमाणे फेरफाराची नोंद, उलट सिद्ध होईपर्यंत, खरी मानली जाते. परंतु नोंदीने मालकी निर्माण होत नाही वा नष्टही होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने वारंवार सांगितले आहे. कलम 155 हे लेखनप्रमाद दुरुस्त करण्यासाठी आहे. त्या आडोशाने जमिनीचा वर्ग बदलता येत नाही. म्हणून चुकीची नोंद दिसताच स्वस्थ बसू नका. कलम 150 खालील नोटीस चावडीवर लागताच मुदतीत लेखी हरकत द्या व तिची पोच घ्या. नोंद मंजूर झालीच, तर साठ दिवसांत प्रांताकडे अपील करा. मालकीचाच वाद असेल, तर दिवाणी न्यायालयाखेरीज गत्यंतर नाही.

आणखी एक गोष्ट भगिनींसाठी. आपण धम्म स्वीकारला म्हणून वारसा तुटत नाही. 1956 च्या हिंदू वारसा कायद्याच्या कलम 2 मध्ये बौद्धांचा स्पष्ट उल्लेख आहे. त्या कायद्याप्रमाणे मुलगीही वारस आहे. तरीही वारसनोंदीत बहिणींची नावे गाळली जातात आणि एका भावाची सही घेऊन सगळ्या घराण्याची जमीन लिहून घेतली जाते. बहिणीचे नाव सातबाऱ्यावर असते, तर तिच्या सहीवाचून व्यवहार पुरा झाला नसता. तिला वगळणारा भाऊ स्वतःच्याच जमिनीचे कुंपण मोडतो.

सबब, माझे सांगणे इतकेच. 1959 पासूनचे सर्व फेरफार व पुनःप्रदानाचा हुकूम यांच्या नकला काढा. सर्व वारसांची नोंद करून घ्या. वर्ग बदलावयाचा असेल, तर स्वतःच्या नावाने, स्वतःच्या सहीने अर्ज करा. कोऱ्या कागदावर अंगठा देऊ नका. गावोगावच्या सुशिक्षित तरुणांनी आपल्या विहारात महिन्यातून एक दिवस हे कागद वाचून दाखवावेत.

भूमिहीनांना जमीन मिळावी म्हणून कर्मवीर दादासाहेब गायकवाडांनी 1959 साली सत्याग्रह केला, लोक तुरुंगात गेले. जी जमीन आपल्या नावावर आहे, ती अज्ञानाने घालविली तर त्या सत्याग्रहींना आपण काय उत्तर देणार?

जय भीम!