हाताला पेलणारे यंत्र
(स्त्रियांच्या घरदुरुस्ती शिबिरात केलेले भाषण)

मैत्रिणींनो,

टेबलावर ठेवलेली वस्तू बघून मघाशी एका ताईंनी विचारले, "बाई, हे पिस्तूल कुणाचं?" पिस्तूल नाही. हा बॅटरीवरचा इम्पॅक्ट ड्रायव्हर, म्हणजे स्क्रू पिळायचे यंत्र. आपल्या गटाच्या पैशातून घेतलेले आहे, तेव्हा ते तुमचेच.

एम.एस.डब्ल्यू. करताना मला केसवर्क शिकवले, गटकार्य शिकवले, कायदे शिकवले. दाराची कडी कशी बसवायची ते काही शिकवले नाही. ती गरज कशी पडली ते आधी सांगते.

माझ्याकडे येणाऱ्या एका ताईंना कौटुंबिक हिंसाचाराविरुद्धच्या २००५ च्या कायद्याच्या कलम १९ खाली निवासाचा आदेश मिळाला. नवऱ्याने त्या खोलीत पाऊल टाकायचे नाही, असे कोर्टाने सांगितले. आम्ही पेढे वाटले. तिसऱ्या रात्री तो पिऊन आला आणि एका लाथेत कडी निखळली. शेजारणी धावल्या, तो पळाला. तक्रार वगैरे सगळे रीतसर झाले. पण दार उघडेच. सकाळी सुतार म्हणाला, "घरात माणूस असेल तेव्हा बोलवा." ताईंनी विचारले, "मग मी कोण आहे?" तरी तो आला नाहीच. दोन रात्री दाराला पेटी लावून मायलेकी झोपल्या.

मी ती कडी हातात घेऊन पाहिली. चांगली जाड लोखंडाची होती. स्क्रू मात्र अर्ध्या इंचाचे! कडी कितीही मजबूत असली तरी ती चौकटीला धरून ठेवतात ते स्क्रूच. तिथे दीड-दोन इंचांचे स्क्रू हवेत. ते जुन्या चौकटीत पेचकसाने पिळून बघा. चार स्क्रूंत मनगट भरून येते.

तेव्हा आम्ही यंत्र घ्यायचे ठरवले, आणि पहिल्याच फेरीत फसलो. दुकानात "इम्पॅक्टवालं मशीन द्या" म्हणून सांगितले. भिंतीला भोके पाडायचीच कामे जास्त होती, तेच मनात होते. मिळाले हे. कुणी विचारले नाही कशाला हवे, आम्हीही सांगितले नाही. दुसऱ्या दिवशी फळी लावायला भिंतीशी उभ्या राहिलो. दहा मिनिटे आळीपाळीने जोर लावला. भिंतीला नुसता खळगा पडला आणि बिट तापून काळे झाले. मला अजून आठवते ते एका मुलीचे बोलणे. ती म्हणाली, "आपल्यात तेवढी ताकद नसते ना, मॅडम." आणि कुणीही तिचे म्हणणे खोडले नाही. मीसुद्धा नाही.

आमच्यात बांधकामावर बिगारी काम करणाऱ्या एक मावशी आहेत. त्या मागे उभ्या राहून ऐकत होत्या. शेवटी म्हणाल्या, "बाई, ह्यो आवाज भिंतीच्या मशीनचा न्हाई. ते मशीन पुढं ठोकतं. हे नुसतं फिरीवतं." अगदी बरोबर! मावशींनी पंधरा वर्षे मिस्त्रींच्या हातात यंत्रे नेऊन दिली आहेत. स्वतः चालवायला एकदाही मिळाले नाही.

तर नावाचा हा घोळ नीट समजून घ्या. आपल्या बाजारात 'इम्पॅक्ट ड्रिल' म्हणतात ते भिंतीचे यंत्र. ते फिरता फिरता बिटला पुढच्या दिशेने ठोके देते, म्हणून वीट आणि काँक्रीट फुटते. 'इम्पॅक्ट ड्रायव्हर' ठोके देतो ते फिरण्याच्या दिशेने. गॅरेजमधला मुलगा गच्च बसलेला नट सोडवताना पान्ह्यावर हातोडीने टपटप मारतो, तसे. आत एक छोटी हातोडी असते. स्क्रू अडला की ती मिनिटाला दोन-तीन हजार वेळा आडवे ठोके मारते. लाकूड, प्लाय, पातळ पत्रा यांत लांब स्क्रू बसवायला त्याला तोड नाही.

आणि आपल्या दृष्टीने महत्त्वाचे असे, की साधे ड्रिल अडले की सगळा पीळ मनगटावर येतो, हात मुरगळतो. इथे तो जोर लहान लहान ठोक्यांत वाटला जातो, म्हणून मनगटाला झटका फार कमी बसतो. स्क्रूच्या खाचेतून बिट निसटू नये इतकेच मागून दाबून धरायचे.

घेताना काय पाहायचे? दुकानदार न्यूटन-मीटरचे आकडे सांगेल. १०० च्या आसपास असले तरी घरच्या कामाला पुष्कळ होतात. मोठ्या आकड्यामागे धावू नका. यंत्र बॅटरी लावून हातात घ्या आणि हात डोक्याच्या वर नेऊन मिनिटभर धरा. पडद्याचा दांडा बसवताना तसेच धरावे लागते. बॅटरीसकट किलोभर वजनाचे असेल तर बरे.

मूठ वेढून बोट घोड्यापर्यंत सहज पोचते का तेही पाहा. यात एक गंमत आहे. १२ व्होल्टचे यंत्र लहान आणि हलके, पण पुष्कळ यंत्रांत त्याची बॅटरी मुठीतच शिरते, त्यामुळे मूठ जाड होते. १८ व्होल्टची बॅटरी खाली बसते. यंत्र जड, पण मूठ कधी कधी बारीक. आमच्यातल्या लहान हाताच्या दोघींना १८ चेच आवडले. खोक्यावरून हे कळत नाही. '२० व्होल्ट मॅक्स' लिहिलेले दिसले तर ते १८ चेच समजा. पूर्ण भरलेल्या बॅटरीचा आकडा छापलेला असतो.

एका कंपनीची बॅटरी सहसा दुसरीच्या यंत्राला बसत नाही, म्हणून पहिली खरेदी विचाराने करा. किमतीत बॅटरी आणि चार्जर धरले आहेत का हे विचारा. नुसते यंत्रही विकतात. पाव इंची षटकोनी दांड्याची बिटे मात्र कुणाचीही चालतात. दुरुस्ती आपल्या गावात होते का, हेही तिथेच विचारून घ्या.

आता खरे सांगते. एकच यंत्र घेणार असाल तर हे घेऊ नका. जोर मर्यादित ठेवायची कडी असलेले, भिंतीला ठोकणारेही असे बॅटरीचे ड्रिल घ्या. विटेच्या भिंतीला ते पुरते. इम्पॅक्ट ड्रायव्हरला अशी कडी बहुधा नसते. बिजागरीचे छोटे पितळी स्क्रू तो क्षणात मोडतो, लाकूडही चिरते. आधी बारीक भोक पाडायचे, घोडा हळू दाबायचा आणि शेवटचा अर्धा फेरा हातानेच. आमच्याकडे आता वायरचे भिंतीचे ड्रिल आणि हे, अशी जोडी आहे. ज्या खोलीत एकच प्लग आणि तोही दारापासून लांब, तिथे हेच कामाला येते. बॅटरी पत्र्याखाली उन्हात ठेवू नका.

त्या ताईंच्या चौकटीत दोन इंचांचे सहा स्क्रू त्यांनी स्वतः बसवले, मी टॉर्च धरला होता. आवाज ऐकून समोरचे दोघे-तिघे बाहेर येऊन उभे राहिले. परवा त्यांतल्याच एकाने यंत्र उसने मागितले. ताई म्हणाल्या, "मंडळाचं आहे. वहिनींना पाठवा, त्यांना शिकवते."

चहानंतर मागच्या व्हरांड्यात फळ्या मांडल्या आहेत. ओढणी-पदर खोचा, वेणी वर बांधा, सैल बांगड्या काढून ठेवा. चष्मा आणि कानातले बोळे सगळ्यांनी लावायचे, आवाज फार मोठा होतो. सुरुवात मावशी करतील. दोन्ही बॅटऱ्या भरलेल्या आहेत.