वेध लागले म्हणजे

श्रोतेहो, ग्रहण हा सण म्हणावा की सुतक, असं कोणी विचारलं तर तुम्ही काय सांगाल? स्नान आहे, उपवास आहे, जप आहे, दान आहे. मोक्षानंतर घर धुऊन निघतं, नवं पाणी भरलं जातं, चूल नव्याने पेटते. हे सगळं सणासारखंच. पण सणाला पोरं अंगणात असतात, आणि ग्रहणाला ती दारं लावून घरात. आज मला बोलायचं आहे ते या लावलेल्या दारांविषयी.

आमच्या भिवंडीकडच्या जुन्या वळणाच्या घरांतून वेध लागायच्या आत दुधात, लोणच्यात, पाण्याच्या हंड्यात तुळशीची पानं पडतात. सूर्यग्रहणाचे वेध चार प्रहर आधी, चंद्रग्रहणाचे तीन. मग स्पर्श, मध्य आणि मोक्ष. एखादी आजी परातीत पाणी घेते, त्यात मुसळ उभं करते आणि नातवंडांना सांगते, "बघा रे, गिराण लागलं म्हणून मुसळ कसं उभं राहिलं. सुटलं की पडेल." गुरुजी, हे मुसळ लक्षात ठेवा, आपल्याला ते पुढे लागणार आहे.

त्याच वेळी शहरात मुसलमान बांधव मशिदीत ग्रहणाच्या नमाजाला उभे राहतात. तिला कुसूफची नमाज म्हणतात. तिच्यामागची हकीकत ऐकण्यासारखी आहे. पैगंबरांचा लहानगा मुलगा इब्राहीम वारला, त्याच दिवशी सूर्याला ग्रहण लागलं. लोक म्हणू लागले, या दुःखाने सूर्यसुद्धा काळवंडला. बापाच्या मनाला बरं वाटावं असंच ते बोलणं होतं. पण त्यांनी ते मानलं नाही. कोणाच्या जन्मामुळे वा मरणामुळे सूर्यचंद्रांना ग्रहण लागत नाही, असं त्यांनी लोकांना सांगितलं आणि प्रार्थनेला उभं केलं.

आपल्याकडे तरी काय वेगळं आहे? आर्यभटाने इ. स. ४९९ च्या सुमारास लिहून ठेवलं की, चंद्र सूर्याला झाकतो आणि पृथ्वीची सावली चंद्राला झाकते. मुरुड-जंजिऱ्याजवळच्या नांदगावचे गणेश दैवज्ञ यांनी १५२० च्या सुमारास 'ग्रहलाघव' रचला. त्यावरून पुढे पिढ्यान् पिढ्या महाराष्ट्रात पंचांगं तयार झाली. राहू-केतूंची गोष्ट गोष्ट म्हणून गोड आहे, पण पंचांगातली स्पर्शाची वेळ काही राहूला विचारून काढलेली नसते! गणितातले राहू आणि केतू म्हणजे चंद्राची वाट सूर्याच्या वाटेला जिथे छेदते ते दोन बिंदू. चंद्राची वाट सुमारे पाच अंशांनी कललेली आहे, म्हणून दर अमावास्येला सूर्यग्रहण होत नाही. त्या बिंदूंजवळ गाठ पडली तरच होतं.

कोकणाने ग्रहण नुसतं पाळलं नाही, पाहुण्यांना दाखवलंही. २२ जानेवारी १८९८ रोजी खग्रास सूर्यग्रहणाची सावली विजयदुर्गाजवळ किनाऱ्यावर आली. ते पाहायला नॉर्मन लॉकियर हे शास्त्रज्ञ विलायतेहून मुद्दाम विजयदुर्गाला आले होते. करमाळ्याकडच्या जेऊरला पुण्याचे कावसजी नायगमवाला यांनी आपल्या दुर्बिणी मांडल्या होत्या. हेलियम वायू विजयदुर्गावर सापडला, असं पुष्कळदा सांगतात, ते मात्र खरं नव्हे. १८ ऑगस्ट १८६८ च्या ग्रहणात सूर्याच्या कडेवरच्या ज्वालांचा प्रकाश फ्रान्सच्या जान्सेन यांनी आंध्रातल्या गुंटूरला तपासला. लॉकियर यांनी त्याच वर्षी ऑक्टोबरात इंग्लंडमध्ये बसून, ग्रहण नसताना, त्या प्रकाशातली पिवळी रेघ निरखली. विजयदुर्गाला ते आले तीस वर्षांनी. असो. खरा इतिहासही काही कमी अभिमानाचा नाही.

आता मुद्द्याचं सांगतो. ग्रहणाचा खरा भार घरात कोणावर पडतो? पोटुशी बाईवर. तिने चिरायचं नाही, कापायचं नाही, शिवायचं नाही, हातपाय दुमडायचे नाहीत, पाण्याचा घोट घ्यायचा नाही. एका जागी तासन् तास बसायचं. का, तर बाळाचा ओठ किंवा कान तुटका होईल म्हणून. सासूबाईंच्या मनात माया असते, हे मला ठाऊक आहे. पण मायबहिणींनो, बाळाचा वरचा ओठ गर्भाच्या सातव्या आठवड्यापर्यंत जुळून आलेला असतो, टाळू नवव्यापर्यंत. तिथे व्यंग राहायचं तर ते तेव्हाच राहतं. म्हणजे आठव्या महिन्याच्या सुनेला ग्रहणात कोंडून काय साधणार? तहानेने तिला घेरी आली, तर ते संकट मात्र आपण आपल्या हाताने आणलेलं असेल. शिवाय पंचांग उघडून पाहा. लहान मुलं, वृद्ध, आजारी आणि गर्भवती यांना वेधाच्या नियमांत सवलत तिथेच छापलेली असते. शास्त्राने दिलेली मोकळीक घराने का काढून घ्यावी? आणि तुटका ओठ घेऊन बाळ जन्मलंच, तर आईला बोल लावू नका. दवाखान्यात न्या. शस्त्रक्रियेने तो नीट होतो.

दुसरी गोष्ट दानाची. "दे दान, सुटे गिराण" ही हाक वडीलधाऱ्यांनी ऐकलेली असेल. दान चांगलं, पण त्या हाकेमागे जात होती. राहू-केतू म्हणे मांग-महारांचे, म्हणून त्यांना जुनेर द्यायचं, तेही लांबून टाकायचं. ती हाक विरत गेली, हे बरंच झालं. दान द्यायचं तर शाळेच्या वाचनालयाला द्या.

आणि पोरांना बाहेर काढा. पण नीट. २५ ऑक्टोबर २०२२ ला, ऐन दिवाळीत, ग्रहण लागलेला सूर्य आपल्याकडे तसाच मावळला. किती मुलांनी तो पाहिला? सूर्यग्रहण नुसत्या डोळ्यांनी पाहू नये, हे अगदी खरं. काजळी धरलेली काच, एक्स-रेची फिल्म, शेणकाल्याचं पाणी, यांतलं काहीही चालत नाही. डोळ्याचा पडदा भाजतो आणि भाजताना दुखत नाही, म्हणून कळतही नाही. त्यासाठी खास बनवलेला ग्रहणाचा चष्मा हवा. तो नसेल तर सूर्याकडे पाठ करा आणि जमिनीकडे पाहा. आंब्याच्या पानांच्या फटींतून पडणारे कवडसे त्या वेळी कोरीसारखे होतात. घरातली पिठाची चाळण उन्हात धरली तर शंभर कोरी उमटतात. भिवंडीच्या मागवाल्यांना तर काहीच करावं लागणार नाही. कारखान्याच्या पत्र्याला खिळ्यांची भोकं असतातच. बत्ती मालवली की अंधाऱ्या फरशीवर ग्रहण आपणहून उतरेल.

चंद्रग्रहणाला एवढीही काळजी नको. ७ सप्टेंबर २०२५ च्या रात्री चंद्र ८२ मिनिटं पुरता झाकलेला होता. पृथ्वीच्या कडेवरच्या हवेतून वळून आलेला तांबूस प्रकाश तेवढा त्याच्यावर राहतो. असा चंद्र उघड्या डोळ्यांनी खुशाल बघावा, आजीला शेजारी बसवून बघावा.

२ ऑगस्ट २०२७ रोजी, सोमवारी, दुपारनंतर आपल्याकडे खंडग्रास सूर्यग्रहण आहे. दिवस पावसाचे, तेव्हा ढगांची मर्जी. पण शाळेचा दिवस आहे. गुरुजी, पोरांना चाळण आणायला सांगा, आणि कोणाच्या तरी घरून मुसळ. बूड सपाट असलेलं मुसळ परातीत उभं करा. ते उभं राहील. मंगळवारी सकाळी, ग्रहण नसताना, त्याच परातीत पुन्हा उभं करा, आणि कोणाच्या आजी येऊ शकत असतील तर त्यांनाही बोलवा.