६७ गुणांचे पेढे

गणिताशी माझं कधीच जमलं नाही. दहावीला गणितात शंभरात अडतीस मिळाले तेव्हा अब्बा एवढंच म्हणाले, 'सुटलास.' पुढे मराठी घेऊन बी.ए. झालो, कविता लिहू लागलो आणि खरोखरच सुटलो. किराणा दुकानाच्या हिशेबापलीकडे आकड्यांशी संबंध उरला नाही. त्यामुळे वयाच्या पन्नाशीनंतर मी कॅनडा सरकारच्या गुणतक्त्याचा अभ्यास करीन, असं कोणी सांगितलं असतं तर मी हसलो असतो. पण तो करावा लागला, आणि त्याला कारण झाले पेढे.

माझी थोरली बहीण, आपा, रत्नागिरी जिल्ह्यात खाडीकाठच्या गावात राहते. तिची मुलगी मुंबईच्या एका इस्पितळात नर्स आहे. चार वर्षांची नर्सिंगची पदवी, सात वर्षांचा अनुभव. जावई इंजिनीअर, दहा वर्षं कुवेतला. २०२३च्या पावसाळ्यात आपाचा फोन आला, 'पोरं कॅनडाला पास झाली, पेढे खायला ये.' मी गेलो. पेढे खाल्ले. मग भाचीने कागद पुढे केला. त्यावर लिहिलं होतं : पासासाठी ६७, जावई ६८, भाची ७६.

'म्हणजे आता तिकीट काढायचं?' मी विचारलं.

'तेच तर कळत नाही, मामू,' ती म्हणाली. 'पास होऊन तीन महिने झाले. कोणी बोलावतच नाही.'

आमच्या भागातल्या माणसाला परदेश नवा नाही. माझ्या पिढीतली निम्मी मुलं आखातात गेली, त्यांच्या आधीची बोटीवर. पण तिथे जायला गुण लागत नसत, माणूस लागत असे. चुलत्याने व्हिसा पाठवला, मेव्हण्याने कफील गाठून दिला, की निघाली बॅग. तीस वर्षं राबून माणूस परत यायचा तो मात्र पाहुणा म्हणूनच, कारण तो देश त्याचा कधी होतच नसे. कॅनडा त्याउलट सांगतो : कोणाची ओळख नको, आकडे दाखवा आणि कायमचे राहा. हे ऐकायला फार छान वाटतं. ते आकडे काय सांगतात, हे समजायला मात्र मला चार महिने लागले.

पहिली गोष्ट अशी की तिथे परीक्षा एक नसून दोन आहेत. पहिली शंभर गुणांची. भाषेला २८, शिक्षणाला २५, अनुभवाला १५, वयाला १२, आधी ठरलेल्या नोकरीला १० आणि तिथे रुळण्याच्या शक्यतेला १०. यात ६७ मिळाले की माणूस पास. पण पास होऊन काय मिळतं? रांगेत उभं राहण्याची परवानगी. तेवढंच! भाचीच्या घरी पेढे वाटले गेले ते या परवानगीचे.

दुसरी मोजणी १२०० गुणांची. २०१५च्या जानेवारीपासून 'एक्स्प्रेस एंट्री' नावाची पद्धत सुरू झाली, तिच्यात ही मोजणी आली. इथे पास-नापास नाही. जगभरातले उमेदवार एका यादीत लागतात, आणि सरकार अधूनमधून फेरी काढून वरच्या काही हजारांना आमंत्रण देतं. ज्या गुणावर यादी तुटते ती त्या दिवसाची रेषा. रेषा आधी जाहीर नसते. तुमच्यापेक्षा हुशार, तरुण माणसं त्या आठवड्यात किती आली, यावर ती ठरते. आपल्याकडे बारावीनंतरच्या मेरिट लिस्टचा ज्यांनी अनुभव घेतला आहे, त्यांना वेगळं सांगायला नको. फरक इतकाच, की इथे मेरिट लिस्ट वर्षभर लागत राहते आणि तुमचे गुण मात्र वयाबरोबर कमी होत जातात.

या दुसऱ्या मोजणीत जावयाचे गुण झाले ३०५ आणि भाचीचे ३६९.

घरात शांतता पसरली. कारण अर्ज जावयाच्या नावाने भरला होता. मुख्य अर्जदार नवरा आणि बायको त्याच्यामागे, यात कोणाला काही विचारण्यासारखं वाटलंच नव्हतं. जावई समजूतदार माणूस, पण फोनवर त्याचाही आवाज जरा बसला. 'दहा वर्षं परदेशात मी काढली,' तो म्हणाला, 'आणि मी मागे?' त्याचं दुःख मला कळत होतं. पण तक्ता उघडून पाहिला तर उत्तर साधं होतं. तो छत्तीसचा, वयाचे ६५ मिळाले. ती एकतीसची, तिला ९०. पदवीचे दोघांना सारखेच ११२. त्याचं इंग्रजी कामापुरतं, ६४ गुणांचं. तिचं त्याहून बरंच वरचं. कुवेतमधली दहा वर्षं आणि मुंबईतली सात, दोन्ही 'तीन वर्षं किंवा अधिक' या एकाच रकान्यात. तीन वर्षांपुढचा घाम तिथे मोजतच नाहीत. शेवटी जावईच म्हणाला, 'मामू, तिच्या नावाने भरा.' आपाला हे कितीतरी दिवस पचलं नाही. सून-जावयाच्या गोष्टीत मी पडत नाही, पण या वेळी पडलो. नवरा-बायको दोघांनी दोन्ही बाजूंनी गुण मोजून पाहावेत, हे मी तेव्हापासून भेटेल त्याला सांगतो.

आता त्या इंग्रजीकडे जरा थांबतो, कारण सगळी मेख तिथेच आहे. परीक्षेत तिला ऐकण्यात आठ, वाचण्यात सात, बोलण्यात सात आणि लिहिण्यात साडेसहा बँड मिळाले होते. कॅनडा त्या बँडांना स्वतःच्या पायऱ्यांत बसवतो. लिहिण्यात सात असते तर ती चारही अंगांनी नवव्या पायरीवर असती. अर्ध्या बँडने ती एका अंगात आठवीवर राहिली. तुम्ही म्हणाल, अर्ध्याने काय होतं? लिहिण्याचे सरळ ७ गुण गेले. पण तक्त्यात आणखी एक भाग आहे. त्यात पदवी आणि भाषा यांची जोडी मोजतात, अनुभव आणि भाषा यांचीही. चारही अंगं नवव्या पायरीवर असतील तर पदवीच्या जोडीला २५, नाहीतर १३. अनुभवाच्या जोडीला ५०, नाहीतर २५. म्हणजे अर्ध्या बँडला ४४ गुण! शब्दासाठी रात्र-रात्र जागणारा माणूस आहे मी, पण एका निबंधाची इतकी किंमत मी कधी ऐकली नव्हती.

तिने पुन्हा परीक्षा दिली. रात्रपाळी संपवून सकाळी लोकलमध्ये निबंधाचे मुद्दे काढायची. लिहिण्यात सात आले. ३६९चे ४१३ झाले.

तेवढ्यात एक एजंट भेटला. त्याने तक्ता पाहिला आणि म्हणाला, 'नवरा सोबत येणार नाही असं लिहा. एकटीचा हिशेब वेगळा होतो, पाच गुण वाढतात.' त्याचा हिशेब बरोबर होता. एकटीचे ४१८ होत होते. भाचीने माझ्याकडे पाहिलं. मी काही बोलायच्या आत तीच म्हणाली, 'कुवेतमुळे लग्नानंतर आठ महिनेसुद्धा एकत्र राहिलो नाही आम्ही. एकत्र राहायचं म्हणून चाललोय, आणि तो येणार नाही असं लिहू?' नंतर मी वाचलं, की खोटी माहिती दिल्याचं ठरलं तर पाच वर्षं दार बंद होतं. पण तिने नकार दिला तेव्हा हे आम्हा दोघांनाही माहीत नव्हतं. त्याच एजंटाकडे नोकरीची पत्रंही 'मिळत' होती. अशा पत्राला तेव्हा पन्नास गुण होते आणि त्यांचा बाजार भरला होता. मार्च २०२५मध्ये कॅनडाने १२०० मधले हे नोकरीचे गुणच काढून टाकले. आणि गुण मोजून देण्याचे एजंट जे हजारो रुपये घेतात, ती मोजणी सरकारच्या संकेतस्थळावर फुकट होते. यादीत नाव घालायलाही फी नाही. खर्च आहे तो भाषेच्या परीक्षेचा, पदवी तपासून घेण्याचा आणि पुढे आमंत्रण आल्यावर.

फेब्रुवारी २०२४ उजाडला. या एका महिन्यात मला ही पद्धत जितकी कळली तितकी एरवी वर्षभरात कळली नसती. सर्वसाधारण फेऱ्यांची रेषा ५३५ आणि ५३४ वर लागली. तिथे आमचं काही काम नव्हतं. पण २०२३पासून कॅनडा काही व्यवसायांच्या वेगळ्या फेऱ्या काढू लागला होता, त्यांत आरोग्यसेवा होती. १४ फेब्रुवारीला ती फेरी निघाली. साडेतीन हजार लोकांना आमंत्रणं, रेषा ४२२.

आमचे ४१३. नऊ गुण कमी.

आणि २९ तारखेला फ्रेंच जाणणाऱ्यांची फेरी निघाली, तिची रेषा ३३६! म्हणजे तोच महिना, तोच देश, तोच तक्ता, आणि दारं तीन, तीन वेगवेगळ्या उंचीची. भाची रडली नाही, पण एक वाक्य बोलली. 'मामू, माझ्यात नऊ गुणांचं काय कमी आहे?' मी कवी असून मला उत्तर सुचलं नाही. आज सुचतं ते असं, की तो तक्ता तिला मोजतच नव्हता. तो कॅनडाची गरज मोजत होता. क्वेबेकबाहेर फ्रेंच टिकवायचं आहे, म्हणून फ्रेंचचं दार खाली. फेब्रुवारी २०२१मध्ये साथीमुळे सीमा बंद होत्या, तेव्हा देशात आधीच काम करणाऱ्यांसाठी त्यांनी रेषा ७५ वर आणून २७,३३२ जणांना एका दिवसात बोलावलं होतं. ७५! बाराशेत! ती माणसं काही रातोरात लायक झाली नव्हती.

तरीही या आकड्यांना मी नावं ठेवणार नाही, आणि त्याला कारण आहे. आकडे नव्हते तेव्हा काय होतं, तेही मी वाचलं. १९०८मध्ये कॅनडाने नियम केला, की माणसाने आपल्या देशातून सलग प्रवास करून यावं. हिंदुस्थानातून थेट बोट नव्हतीच. नियमात कुठेही 'हिंदी माणूस नको' असं लिहिलेलं नव्हतं. १९१४मध्ये कोमागाता मारू बोट ३७६ प्रवासी घेऊन व्हँकूव्हरला पोचली. त्यांत बहुतेक पंजाबचे शीख, काही मुसलमान, काही हिंदू. दोन महिने बोट बंदरात उभी ठेवून अगदी थोड्यांना उतरू दिलं आणि बाकीच्यांना परत धाडलं. १९५१मध्ये भारतासाठी कोटा ठरला तो वर्षाला दीडशे माणसांचा. १९६२मध्ये वंशाची अट बहुतांशी गेली आणि १९६७मध्ये गुणांची पद्धत आली. शंभरात पन्नासला पास. त्यातही पंधरा गुण अधिकाऱ्याच्या हातात होते, समोर बसलेला माणूस त्याला कसा वाटतो याचे. २००२च्या कायद्याने तेही गेले. आडनाव काय, नमाज पढता की नाही, हा रकाना तक्त्यात नाही. भाड्याचं घर शोधताना आडनाव सांगितल्यावर पलीकडची शांतता मी मुंबईत पुष्कळ वेळा ऐकली आहे. त्यामुळे नुसता आकडा विचारणाऱ्या दाराची किंमत मला जरा जास्तच कळते.

गंमत म्हणून एका रात्री मी माझेही गुण काढले. पंचेचाळिशीनंतर वयाला शून्य. बी.ए.ला गुण आहेत, बरं वाटलं. कवितासंग्रहांना रकाना नाही. असो.

२०२४च्या जूनमध्ये भाचीला बत्तीस पूर्ण झाली आणि पाच गुण गेले. वाढदिवसाला केक आणला होता, पण तिने सगळ्यांदेखत सांगितलं, '४०८.' त्याच वर्षी नोव्हेंबरात आरोग्यसेवेची रेषा ४६३ वर गेली. पुढच्या जूनमध्ये आणखी पाच गेले. ४०३. प्रांताने नाव सुचवलं तर एकदम ६०० मिळतात. त्यासाठीही ती खटपट करते आहे. नर्सिंगचा परवाना प्रांतच देतो आणि त्याचा या गुणांशी संबंध नाही, तो वेगळा मिळवावा लागतो, हेही आता घरात सगळ्यांना पाठ आहे.

आणि ती फ्रेंच शिकते आहे. चारही अंगांत सातवी पायरी गाठली तर ५० आणि १२, एकूण ६२ गुण वाढतील. शिवाय ते खालचं दार उघडेल. परीक्षा पुढच्या महिन्यात आहे. सुट्टीला गावी आली की माजघरात येरझारा घालत क्रियापदं म्हणते. कुवेतहून जावई फोनवर तिची उजळणी घेतो. त्यालाही आता थोडं येऊ लागलंय. आपा भाजी निवडत ऐकत असते. परवा मी गेलो तेव्हा भाची एका शब्दावर अडली आणि आपाने मान वर न करता तो पुढचा शब्द सांगितला.