चार जागांचा पक्ष

(अभ्यासवर्गातलं भाषण)



आज एका मेलेल्या पक्षाबद्दल बोलायचंय. पूर्व जर्मनीतला पक्ष. जगला जेमतेम दहा महिने. नाव 'डेमोक्राटिशर आउफब्रुख'. आउफब्रुख म्हणजे उठून वाटेला लागणं.

१९८९चा ऑक्टोबर. राज्य एकाच पक्षाचं, कामगारांच्या नावानं चाललेलं. आणि त्याच राज्यात श्टाझी, म्हणजे गुप्त पोलीस. पगारी माणसंच ९१,०००च्या आसपास, खबरे वेगळे. मग जमायचं कुठं? चर्चमध्ये. म्हणून या पक्षाच्या पहिल्या फळीत पाद्री होते. राइनर एपेलमान, मूळचा गवंडी. सैन्यात शपथ घेणार नाही म्हणाला, १९६६ साली आठ महिने जेल भोगली. दुसरा विटेनबर्गचा फ्रीडरिश शोर्लेमर. १९८३ साली त्याच्या पुढाकारानं लोहारानं सगळ्यांदेखत तलवार ठोकून नांगराचा फाळ केला.

या लोकांना आधी समाजवाद गाडायचा नव्हताच. तो लोकशाहीनं चालावा, एवढंच मागणं. ९ नोव्हेंबरला बर्लिनची भिंत उघडली. डिसेंबरात लाइपझिगच्या अधिवेशनात सूर पालटला. एकीकरण हवं, बाजार हवा. शोर्लेमर बाहेर पडला, आणखीही काही गेले. फेब्रुवारी १९९०मध्ये पक्ष पश्चिमेच्या कोलसाहेबांनी जुळवलेल्या आघाडीत बसला.

अध्यक्ष वोल्फगांग श्नूर. वकील. सरकारविरोधकांचे खटले लढवणारा. मार्चमध्ये कागद बाहेर आले. हाच वर्षानुवर्षं श्टाझीचा खबऱ्या! १४ मार्चला राजीनामा, १८ मार्चला मतदान. मतं ०.९ टक्के. ४००पैकी ४ जागा.

आघाडी मात्र जिंकली. लोकांना पश्चिमेचा मार्क हवा होता. त्यात त्यांची चूक काय? ज्याचा खिसा रिकामा, तो आधी पैसा बघणारच. एपेलमान संरक्षणमंत्री झाला. पक्षाची प्रवक्ती अंगेला मेर्केल पुढं २००५ ते २०२१ चॅन्सेलर होती. आणि पक्ष? ऑगस्टमध्ये पूर्वेच्या सीडीयूत विलीन. ही सीडीयू कोण? चाळीस वर्षं जुन्या सत्तेच्या पंगतीला जेवलेली! ज्या सत्तेविरुद्ध घर सोडून निघाले, तिच्याच पाहुण्याच्या घरी जाऊन झोपले.

तुम्ही म्हणाल, खबऱ्यानं घात केला. केलाच. पण तो अर्धाच हिशेब. श्नूर उघडा पडला मार्चमध्ये. पहिली मागणी सोडली डिसेंबरात. ती काही श्टाझीनं सोडवली नव्हती. हात वर झाले ते आपल्याच माणसांचे, भर अधिवेशनात.

वकील मोठा, धाडसी, म्हणून कुणी विचारलं नाही. लाट मोठी, म्हणूनही कुणी विचारलं नाही. खबऱ्या कधीतरी कागदात सापडतो. आपणच खिशात घातलेली मागणी कुठल्या कागदात सापडणार?

मी थांबतो. आता तुम्ही बोला. आणि विचारा, मलाही.