परवलीच्या शब्दाची परीक्षा

दारास कुलूप लावल्यावर गृहस्थ तें एकदां ओढून पाहतो. घरांतील बिनतारी जाळ्याच्या कुलपाला मात्र ही कसोटी क्वचितच लागते. गोरेगांवसारख्या दाट वस्तींत एका बिऱ्हाडाचें वाय-फाय भिंत ओलांडून शेजारच्या दिवाणखान्यांत, खालच्या रस्त्यावरहि पोंचतें.

या बाबतींतील हयगय किती महाग पडते, हें खाडीपलीकडील सानपाड्यांत दिसून आलें. २६ जुलै २००८ रोजीं अहमदाबादेंत बॉम्बस्फोट झाले. त्याआधीं कांहीं मिनिटें वृत्तसंस्थांकडे आलेला धमकीचा ई-मेल सानपाड्यांतील एका परदेशी रहिवाशाच्या उघड्या वाय-फायमधून गेला होता. त्या गृहस्थाचा कटाशीं संबंध नव्हता. तरी चौकशीचा ससेमिरा त्याच्या मागें लागलाच. पुढें जानेवारी २००९ मध्यें मुंबई पोलिसांनीं अशीं उघडीं जाळीं शोधण्याची मोहीम काढली.

परंतु नुसतें कुलूप लावून भागत नाहीं. फोन व राउटर यांची ओळख पटतांना जे संदेश हवेंतून जातात, ते कोणीं टिपून ठेवले, तर परवलीचा शब्द दूर बसून अंदाजानें ताडून पाहतां येतो. डब्ल्यूपीए-२ पद्धतींत हा शोध मंदावा म्हणून प्रत्येक अंदाजावर एकच गणिती क्रिया ४०९६ वेळां करावी लागते. पण हें काम वांटून देतां येतें. मॅट्रिकच्या उत्तरपत्रिकांचे गठ्ठे अनेक परीक्षकांत वांटावेत, तसे अंदाजांचे गठ्ठे अनेक संगणकांत वांटतात. एकाचें दुसऱ्यावांचून अडत नाहीं. म्हणून दहा यंत्रें म्हणजे दहापट वेग.

एक यंत्र सेकंदास दहा लक्ष अंदाज तपासतें असें धरल्यास आठ आंकडी परवलीचे दहा कोटी प्रकार १०० सेकंदांत संपतात. पुष्कळ घरीं मोबाइलचा क्रमांकच परवलीला योजतात. ६ ते ९ पैकीं एका आंकड्यानें सुरू होणारे दहा आंकडी क्रमांक ४०० कोटी. दहा यंत्रांना त्यांस सातच मिनिटें पुरतात. उलट, २६ इंग्रजी अक्षरांच्या चिठ्ठ्या करून, उचललेली चिठ्ठी दर वेळीं परत टाकून, बारा अक्षरें निवडलीं, तर शंभर यंत्रांनाहि सर्व प्रकार तपासण्यास सुमारें ३० वर्षें लागतील.

अशी परीक्षा स्वतःच्या, किंवा मालकानें संमति दिलेल्या जाळ्याचीच करावी. परवानगीवांचून दुसऱ्याच्या जाळ्यांत शिरणाऱ्याची गांठ माहिती तंत्रज्ञान कायदा, २००० याच्याशीं आहे. आणि गृहस्थाला त्यासाठीं दहा यंत्रें कशाला हवींत? मुलाचें नांव, जन्मसाल, फोनचा क्रमांक, जें जें सोसायटींतील चार जणांस ठाऊक आहे, तें कुलपालाच लटकविलेली किल्ली होय, एवढें ओळखलें तरी पुरे.