साप ओळखा, त्याची वेळही ओळखा

(प्रभागसंघाच्या मासिक सभेत एका ताईंनी सांगितलेली माहिती)



बचतीचा हिशोब झाला, आता दहा मिनिटं सापांवर बोलू. पावसाळ्यात बिळांत पाणी शिरतं आणि उंदीर-बेडकांच्या मागे साप घराजवळ येतो. निंदायला वाकतो आपण, सरपणात हात घालतो आपण. म्हणून ही माहिती आपल्याला हवीच.

बहुतेक साप बिनविषारी असतात. धामण, दिवड, कवड्या यांच्या चावण्यानं जीव जात नाही. धामण तर दिवसा फिरून शेतातले उंदीर खाते, तिला मारू नका. जिवावर बेतणारे मुख्य चार: नाग, घोणस, फुरसे आणि मण्यार.

नाग फण्यामुळे सगळ्या ओळखतात. तो दिवसाही भेटतो, संध्याकाळीही. घोणस जाडजूड, पाठीवर साखळीसारखे ठिपके. डिवचली की कुकरच्या शिट्टीसारखी फुत्कारते. एरवी रात्रीची, पण थंडीत दिवसा बांधावर ऊन खात पडते. अजगराचं पिल्लू समजून हात लावला की घात होतो. फुरसे लहान, हातभराचं. अंगावर अंग घासून करकर आवाज करतं. माळावर, कातळावर दगडाखाली बसतं, रात्री बाहेर पडतं.

चौथी मण्यार. काळी, चकचकीत, अंगावर बारीक पांढरे पट्टे, बहुधा जोडीजोडीनं. पट्टे शेपटीकडे ठळक, मानेकडे पुसट. कवड्या तपकिरी असतो, त्याचे पट्टे मानेकडे ठळक. पण अंधारात हा फरक बघत बसू नका. मण्यार रात्री फिरते, जमिनीवर झोपलेल्याच्या अंथरुणात शिरते. चावली तरी फारसं दुखत नाही, सूजही येत नाही. फसगत होते ती इथंच.

माझ्या जावेला मध्यरात्री काहीतरी चावलं. मुंगी असेल म्हणून ती परत झोपली. पहाटे पोटात कळा, घसा दुखायला लागला. सासूबाई ओवा शोधत होत्या. तेवढ्यात जाऊ म्हणाली, "मला डोळे उघडता येईनात." तेव्हा कुठं आम्हाला समजलं. दवाखान्यात तिला मशीनवर श्वास द्यावा लागला. वाचली, पण थोडक्यात.

म्हणून बायांनो, रात्री चावलं आणि दुखलं नाही, तरी दवाखाना गाठा. 108 ला फोन करा. बांगड्या, जोडवी काढा, हातपाय हलवू देऊ नका. घट्ट बांधणं, कापणं, चोखणं नको. मांत्रिकाकडे वेळ घालवणं तर नकोच. साप मारून न्यायचीही गरज नाही. या चारही सापांच्या विषावर एकच इंजेक्शन चालतं.

आणि आधीची काळजी? रात्री बॅटरीशिवाय बाहेर पडू नका. सरपण, गोवऱ्या काठीनं हलवून मग उचला. खाटेवर झोपा. जमिनीवर झोपणारीनं मच्छरदाणी लावून कडा अंथरुणाखाली नीट खोचा.

कुणाकडे मच्छरदाणी नसेल तर आजच सांगा. गटातून कर्ज देऊ. आपण बचत करतो ती कशासाठी?